तीन पायांचा गवई

पुस्तक वाचायचं असतं, हा नियम अलीकडे दोन वर्षांच्या पोरांनी रद्द केला आहे. त्यांच्या मते पुस्तक दाबायचं असतं.

आमच्या भाचीची मुलगी हैदराबादहून दिवाळीला नंदनवनात आली ती असं एक पुस्तक काखोटीला मारूनच. (या मुलीच्या नात्याने मी वयाच्या सेहेचाळिसाव्या वर्षी आजोबा झालो. बँकेत प्रमोशनसाठी सतरा वर्षं थांबलेल्या माणसाला हे प्रमोशन परीक्षा न देता मिळालं.) जाड पुठ्ठ्याची पाच-सहा पानं, उजव्या कडेला प्लास्टिकची पट्टी, पट्टीवर सहा बटणं, प्रत्येक बटणावर चित्र. घंटेचं बटण दाबलं की 'जिंगल बेल्स', दाढीवाल्या म्हाताऱ्याचं दाबलं की दुसरं, ताऱ्याचं दाबलं की तिसरं. सहाच्या सहा गाणी नाताळची. लक्ष्मीपूजनाची वेळ, पाटावर लाह्या-बत्तासे, मी सोवळं नेसून पळी-पंचपात्र शोधतोय, आणि मागून घुंगरं वाजवत बर्फातून गाडी येतेय! तीही नागपुरात, जिथे मे महिन्यात डांबर चपलेला चिकटून घरी येतं.

शेजारचे काकाजी प्रसादाला आले होते. त्यांनी कान टवकारले.

"हे काय वाजून राहिलं जी?"

"पुस्तक."

"पुस्तक वाजते?"

"वाजते."

"मंग वाचाचं काय?"

काकाजींच्या या प्रश्नाला सुमारे दीडशे वर्षांचा इतिहास आहे. मी बी.कॉम. माणूस. इतिहास विषयाशी माझे संबंध दहावीनंतर सलोख्याने तुटले. पण खातेवहीत एखादी रक्कम दिसली की ती मुळात आली कुठून, हे मागची पानं उलटून पाहिल्याशिवाय मला चैन पडत नाही. तसाच या गाणाऱ्या पुस्तकाच्या खात्यात मी मागे मागे जात राहिलो. जमा बाजू बरीच जुनी निघाली.

पहिली नोंद जर्मनीतली. थुरिंगिया प्रांतात झोनेबर्ग नावाचं गाव आहे, खेळण्यांसाठी एकेकाळी जगभर गाजलेलं. तिथल्या थिओडोर ब्रांड नावाच्या गृहस्थाने १८८० च्या सुमाराला बोलतं चित्रपुस्तक काढलं. वरून पुस्तक, आतून पेटी. पानांवर कोंबडा, गाढव, कोकरू, गाय असे मान्यवर, आणि पुस्तकाच्या कडेला दोऱ्या. चित्र बघायचं, त्याची दोरी ओढायची आणि सोडून द्यायची. आतला चिमुकला भाता हवा फुंकायचा, हवा पट्टीतून जायची आणि गाय हंबरायची. म्हणजे तत्त्व आपल्या बाजाच्या पेटीचंच, फक्त गायकी गाढवाची. शेवटच्या दोऱ्या ओढल्या की पुस्तक 'मामा', 'पापा' अशी हाक मारी. त्यातला 'मामा' म्हणजे आई, हे कळेपर्यंत मी त्या जर्मन पोरांवर फार खूश होतो. मी स्वतः मामा आहे. पुस्तकाने साद घालावी आणि आपण खाऊ घेऊन धावावं, हे दृश्य मला आवडलं होतं.

या पुस्तकाला सेल लागत नसत, हे नोंदवून पुढे जातो. कारण पुढे सेलचं प्रकरण येणार आहे.

तिकडे अमेरिकेत एडिसनसाहेबांनी १८७७ साली फोनोग्राफ केला आणि त्यात पहिल्यांदा भरलं ते काय, तर एका मुलीच्या मागे मागे फिरणाऱ्या कोकराचं बडबडगीत. एवढं मोठं यंत्र, एवढा मोठा शास्त्रज्ञ, आणि तोंडातून निघालं ते पोरांचं गाणं. मला हे फार बरं वाटलं. पुढे १८९० साली त्यांच्या कंपनीने बोलणारी बाहुली बाजारात आणली. बाहुलीच्या धातूच्या पोटात मेणाचं नळकांडं, पाठीवर दांडी. मुलीने दांडी एकसारख्या वेगाने फिरवायची की बाहुली बडबडगीत म्हणणार. आता एकसारख्या वेगाने काही करणं मोठ्यांना तरी कुठे जमतं? आमच्या शाखेत पगाराच्या दिवशी नोटांची गड्डी मोजणाऱ्याला जमत नाही. दांडी सावकाश फिरली की बाहुली रेकायची, भरभर फिरली की किंचाळायची. शिवाय त्या काळी एका ध्वनिमुद्रणाच्या नकला काढायची सोय नव्हती. म्हणून कारखान्यात तरुण मुली बसवल्या होत्या. प्रत्येक बाहुलीसाठी तेच गाणं, पुन्हा तेच, पुन्हा तेच, दिवसभर. (दिवसभर एकच काम पुन्हा पुन्हा करणाऱ्यांविषयी मला आतून बंधुभाव वाटतो. इथे भगिनीभाव म्हणा.) बाहुल्या घरी पोचेपर्यंत बिघडत, ज्या बिघडत नसत त्यांच्या आवाजाला पोरी भीत, आणि काही आठवड्यांत विक्री बंद पडली. २०१५ साली शास्त्रज्ञांनी सुई न टेकवता, नुसत्या उजेडाने खाचा वाचून, अशा जुन्या नळकांड्यांतला आवाज बाहेर काढला. मी तो ऐकला आहे. रात्री ऐकू नये.

मग १९१७ साली हार्पर ही प्रकाशन कंपनी आणि कोलंबिया ही तबकड्यांची कंपनी यांनी मिळून 'बबल बुक्स' काढली. चित्रांचं पुस्तक, पानांना खिसे, खिशांत साडेपाच इंची तबकड्या. पुस्तक वाचा आणि तबकडी लावा. ही पहिली खरीखुरी गाणारी पुस्तकं म्हणायला हरकत नाही, फक्त गळा दुसऱ्या टेबलावर ठेवलेला.

आपल्याकडे १९०२ साली कलकत्त्यात गौहर जान यांचा आवाज तबकडीवर उतरला आणि ग्रामोफोन हळूहळू दिवाणखान्यात आला. पण तो आला मोठ्यांसाठी. लहानांसाठी वेगळं गाणारं यंत्र घ्यावं, असं कोणाला वाटलं नाही, कारण घरात आजी होती आणि ती फुकट होती. वाजणारी खेळणी मात्र आपल्याकडे उदंड. जत्रेतली पिपाणी, डमरू, दोरीने ओढली की दोन काड्यांनी टपटप वाजणारी मातीची गाडी. आमच्या नागपुरात तर पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी पोरांचा तान्हा पोळा असतो. भोसल्यांच्या घराण्यातल्या दुसऱ्या रघूजींनी १८०६ साली तो सुरू केला, असं इथे सांगतात. लाकडी बैलाच्या गळ्यात घुंगरू बांधायचं, चाकांवरून खडखडत घरोघर न्यायचं आणि बोजारा वसूल करायचा. वाजतं खेळणं आणि रोकड जमा, असा दुहेरी व्यवहार मी अजून दुसऱ्या कुठल्या सणात पाहिलेला नाही.

असो. आता शीर्षकातला गवई.

१९८० च्या दशकात तैवानच्या एका कंपनीने एक चिमुरडा तुकडा बाजारात आणला. नाव यूएम-६६. दिसायला साधा ट्रान्झिस्टर, काळं डोकं आणि खाली तीन पाय. एका पायाला सेलची एक बाजू, दुसऱ्याला दुसरी, तिसऱ्यातून गाणं बाहेर. पोटात जागा मोजून चौसष्ट सुरांची. आपल्याकडे कला चौसष्ट, तैवानमध्ये सूर चौसष्ट. आयुष्यभर तो तेच चौसष्ट सूर म्हणणार, संपले की पुन्हा पहिल्यापासून. ना रियाज, ना मानधन, ना 'आज घसा बसलाय'. कोणता तुकडा काय गाणार, हे त्याच्या पाठीवरच्या क्रमांकावरून ठरे. ८ क्रमांक वाढदिवसाचं गाणं, १९ क्रमांक बेटहोव्हेनसाहेबांची 'फ्युर एलिझ', २ क्रमांक 'जिंगल बेल्स'. आणि १ क्रमांक, म्हणजे यादीत सगळ्यांत वर, नाताळच्या गाण्यांची मिसळ.

हा तीन पायांचा गवई काही रुपयांत मिळायचा, त्यामुळे तो सगळीकडे शिरला. उघडलं की टीं टीं करणारी शुभेच्छापत्रं आली. आमच्या वर्गातल्या एका मुलाने एका मुलीला असं पत्र दिलं, ते तिने वर्गातच उघडलं, आणि पुढचं सगळं मास्तरांना वाजून कळलं. मग दाराच्या घंट्या आल्या. मग मागे जाताना गाणाऱ्या मोटारी आल्या. नंदनवनात कोणी गाडी मागे घेऊ लागला की बेटहोव्हेन सुरू व्हायचा आणि पोरं गटाराच्या काठावर जाऊन उभी राहायची. त्या थोर माणसाच्या संगीताने इतक्या लोकांचे पाय वाचवले असतील, हे त्याला कोणी सांगायला हवं होतं. आणि मग आल्या गाणाऱ्या लायटिंगच्या माळा.

ही माळ मुळात तिकडच्या नाताळच्या झाडासाठी. ती आमच्याकडे गणपतीला आली. तिचा आवाज बंद करायची सोय बहुधा होती, पण ते बटण कुठे आहे हे आमच्या लेआउटमधल्या एकाही इंजिनिअरला सापडलं नाही. (जवळच केडीके कॉलेज असल्यामुळे इंजिनिअरांचा तुटवडा नव्हता.) इकडे सगळी गल्ली टाळ्या वाजवत 'सुखकर्ता दुखहर्ता' म्हणतेय, तिकडे मखरातून माळ नाताळ साजरा करतेय. माळेची लय जलद. पोरांच्या टाळ्या हळूहळू माळेच्या मागे जायच्या, टाळ्यांच्या मागे टाळ, टाळांच्या मागे बायका. असे दोन गणपती आमच्या मंडळाची आरती घोडागाडीच्या ठेक्यात पार पडली. रामदासस्वामींची रचना सव्वा मिनिट लवकर संपते, यावर प्रसादाच्या रांगेतल्या लोकांनी समाधानच व्यक्त केलं.

म्हणजे ताळेबंद असा: एका पिढीच्या नागपुरी पोरांना दारावर, मोटारीत, गणपतीत आणि दिवाळीत एकच सण ऐकू आला. कोणी लादला नाही, कोणी प्रचार केला नाही. तुकड्यात तेवढंच भरलेलं होतं, आणि तुकडा स्वस्त होता.

बरं, ते गाणं तरी नाताळचं आहे का? तेही नाही. जेम्स लॉर्ड पिअरपॉन्ट नावाच्या गृहस्थांनी ते १८५७ साली बॉस्टनमध्ये छापलं तेव्हा त्याचं नाव होतं एका घोड्याच्या उघड्या बर्फगाडीचं. दोन वर्षांनी घंटा नावात आल्या. सबंध गाण्यात नाताळचा उल्लेख नाही. १९६५ साली १६ डिसेंबरला जेमिनी-६ यानातल्या शिरा आणि स्टॅफर्ड या अंतराळवीरांनी ते माउथ ऑर्गन आणि घुंगरांवर वाजवलं. म्हणजे हे गाणं नंदनवनाच्या आधी अंतराळात जाऊन आलं.

या पिअरपॉन्टसाहेबांविषयी मला आपुलकी आहे, आणि तिचं कारण धंद्यातलं आहे. थोर बँकर जे. पी. मॉर्गन यांचे हे सख्खे मामा. मॉर्गनच्या नावातला 'पी' हा मामांच्या घराण्याचा. भाच्याने बँक चालवली, मामांनी चाल बांधली. भाच्याला काय मिळालं ते जगाला ठाऊक आहे, मामांना गाण्यापायी फारसं काही मिळालं नाही. मामा लोकांचं हे असंच असतं.

आणि आता खरी गंमत. त्या गाण्याला एकाहून अधिक कडवी आहेत आणि त्यांत चक्क गोष्ट आहे. गाणारा तरुण एका मुलीला शेजारी बसवून फेरफटक्याला निघतो. घोडा हडकुळा, नशीब खोटं. गाडी बर्फाच्या ढिगात घुसते आणि दोघंही उलटून पडतात. त्या ढिगाला मूळ इंग्रजीत शब्द वापरलाय 'बँक'. म्हणजे तरुणाचं सगळं जमत आलेलं असताना मध्ये बँक आली. आमच्या कर्जविभागात असे प्रसंग रोज घडतात. पण चौसष्ट सुरांत हे मावत नाही. तुकड्यात उरलं ते नुसतं धृपद, घंटा आणि आनंदीआनंद. ती मुलगी अजून बर्फात पडलेली आहे, आणि बटण दाबणाऱ्या कोणालाही तिचा पत्ता नाही.

हल्लीच्या पुस्तकात तो जुना गवई नाही. आता खरा माणसाचा गळा भरलेला असतो. काळ्या थेंबासारख्या लाखेखाली बारीक चिप, पापडाएवढा स्पीकर, बटणाखाली रबराची टोपी आणि मागे तीन चपटे सेल. त्या सेलच्या झाकणाला एक इतका बारीक स्क्रू असतो की घरातला एकही पेचकस त्याला लागत नाही. आमच्या काकाजींनी चष्म्यावाल्याचा पेचकस आणून पाहिला, मग सुरी, मग नखं. पण या स्क्रूच्या बाजूने मी बोलणार. ते चपटे सेल पोराने गिळले तर दोन तासांत अन्ननलिका जाळू शकतात. आपल्या सरकारने खेळण्यांना भारतीय मानकाचा शिक्का १ जानेवारी २०२१ पासून सक्तीचा केला. चौकशी, शिक्का, कुलूप हे आम्हा बँकवाल्यांचे आवडते शब्द इथे अगदी योग्य जागी पडले आहेत.

आपल्या आरत्यांची आणि श्लोकांची बटणवाली पुस्तकंही आता मिळतात. भाचीने तेही एक आणलं होतं. पहिलं कडवं, की संपलं. आरती एवढ्यात आटोपली हे बघून आमची सौभाग्यवती म्हणाली, "अजी, कापूर तरी पेटू द्या."

पण मी शोधत होतो ते भुलाबाईचं पुस्तक. पश्चिमेकडे भोंडला किंवा हादगा म्हणतात, आमच्या विदर्भात आणि खानदेशात भुलाबाई. भाद्रपदातल्या पौर्णिमेपासून कोजागिरीपर्यंत महिनाभर पार्वती माहेरपणाला येते, सोबत भुलोजी म्हणजे शंकरराव. महालातल्या चितार ओळीतून मातीची भुलाबाई आणायची, ज्वारीच्या धांड्यांचा मांडव करायचा, आणि रोज संध्याकाळी पोरींनी टिपऱ्या घेऊन घरोघर गाणी म्हणायची. शेवटी खिरापत. ती काय आहे हे सांगायचं नाही. घरधनीण डबा कानाशी हलवून दाखवणार आणि पोरी आवाजावरून ओळखणार. शेंगदाणे वेगळे वाजतात, फुटाणे वेगळे, आणि चकली तुटून वाजते. बाहेर कोणी काही म्हणो, हलवला की वाजणारं आणि ओळखलं की खायला मिळणारं खेळणं मी हेच एक जाणतो. याला सेल लागत नाहीत.

त्या गाण्यांतलं एक कारल्याच्या वेलाचं. सुनेला माहेरी जायचंय. सासू म्हणते, आधी कारल्याचं बी पेर, मग जा. पेरलं. आता वेल येऊ दे. आला. आता फूल येऊ दे. मग कारलं येऊ दे, मग भाजी कर, मग विचारायला दुसऱ्याकडे जा. लहानपणी हे गाणं मला कंटाळवाणं वाटायचं. बँकेत लागल्यावर त्यातलं सामर्थ्य कळलं. आधी केवायसी, मग अर्ज, मग दोन साक्षीदार, मग दोन नंबरचं काउंटर, मग साहेब जेवायला गेलेत. आमच्या सगळ्या कामकाजाचा आराखडा कोण्या अनाम सासूने कधीच घालून ठेवला होता. पण गाणं लांबतं ते उगाच नाही. सून थांबते किती, हे ऐकणाऱ्यालाही थांबूनच कळायला हवं. टिपऱ्या धरून थकलेल्या पोरींना ते हातात कळायचं. त्यांतल्या बऱ्याच पुढे स्वतः तशाच थांबल्या.

आता हे बटणात घाला. बटणाला वेळ साधारण वीस सेकंद. वीस सेकंदांत कारल्याचं बी पेरूनसुद्धा होत नाही. बर्फातली ती मुलगी जशी कायमची बर्फात, तशी आमची सून कायमची सासरी. पोर पुन्हा बटण दाबणार, आणि सून पुन्हा पहिल्यापासून बी पेरणार.

काही लोकांनी मेहनत घेतली आहे, नाही असं नाही. सरोजिनी बाबरांनी लोकगीतांचे खंडच्या खंड काढले. हेमा राईरकर आणि गी प्वातवॅं यांनी जमवलेल्या जात्यावरच्या ओव्या एक लाखाच्या वर गेल्या, त्यांतल्या कितीतरी बायकांच्या मूळ आवाजात ऐकायला मिळतात. मी एका रविवारी ऐकत बसलो आणि जेवायला उठलो नाही. तिथेही बटणच दाबावं लागतं, पण बाई तिचं म्हणणं संपेपर्यंत गाते. तेव्हा माझं भांडण बटणाशी नाही. वीस सेकंदांशी आहे.

नंदनवनातल्या पोरी हल्ली त्या महिन्यात सहामाही परीक्षेत असतात. महिला मंडळं कोजागिरीच्या आसपास एक दिवस हौसेने भुलाबाई करतात, माइकवर, आणि खिरापतीचं नाव निमंत्रणातच छापतात.

आमच्याकडे आत्या आहेत, अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या. भाऊबीजेच्या दुपारी त्यांना म्हटलं, या पोरीला एक भुलाबाईचं म्हणून दाखवा.

"आता नाही म्हणत बाप्पा. कोजागिरीले गेली ते. मुदत संपली," त्या म्हणाल्या. (भाऊबीजेच्या ओवाळणीचा हिशेब माझ्याकडे असल्यामुळे त्या माझ्याशी बँकेच्याच भाषेत बोलतात.)

पोरीने ते पुस्तक खाली ठेवलं, आत्यांच्या मांडीवर चढली, त्यांच्या कपाळावरचं कुंकू नीट पाहिलं आणि त्यावर बोट दाबलं.

आत्या गायला लागल्या.

कारल्याचंच. पोर थोडा वेळ थक्क होऊन बसली. मग सवयीप्रमाणे तिने कुंकू पुन्हा दाबलं, गाणं बदलावं म्हणून. बदललं नाही. पुन्हा दाबलं. थांबलंही नाही. वेलाला फूल आलं, कारली लागली, भाजी झाली, आत्यांनी एका नणंदेच्या जागी चक्क आमच्या सौभाग्यवतीचं नाव घातलं, आणि काकाजी दारात चपला हातात घेऊन उभे राहिले. शेवटी सून निघाली माहेरी. आत्यांचा आवाज तेवढ्यात जरासा फाटला. मग त्या थांबल्या.

पोर उठली, आत्यांच्या मागे गेली, आणि पदर बाजूला सारून पाठीवर काहीतरी शोधू लागली.

"काय पाहून राहिली ते?" आत्यांनी विचारलं.

"स्क्रू," भाची म्हणाली. "सेल संपले वाटतं तिला."

"थांब माय," आत्या म्हणाल्या, "चहा होऊ दे. मंग भुलोजीचं म्हणतो."